कैदी, पाहा : बंदिवान

पुस्तकांच्या सूची करणं हे माझं काम. पुस्तक छापायला जाण्याआधी त्यातली नावं, स्थळं, विषय वेचायचे, अकारविल्हे लावायचे आणि प्रत्येकापुढे पृष्ठांक मांडायचे. लेखकाचं म्हणणं पटलं नाही तरी चालतं. कोण कुठे आणि किती वेळा आलं, हे मात्र चुकून चालत नाही. काही वर्षांपूर्वी शिक्षेच्या इतिहासावरचा एक जाडजूड ग्रंथ माझ्याकडे आला. नोंदी भराभर निघाल्या. राजे निघाले, न्यायाधीश निघाले, सुधारक, धर्मोपदेशक, तुरुंगांचे नकाशे काढणारे वास्तुकार निघाले. दोन जल्लादसुद्धा नावानिशी आले. नाव असलेले कैदी चार-पाचच, आणि तेही राजाच्या अंगावर धावून गेलेले किंवा कोठडी फोडून पळालेले. बाकीच्यांसाठी एकच ओळ उरली: ‘कैदी, पाहा : बंदिवान’. आणि ‘बंदिवान’पाशी गेलं की पृष्ठांकांचं मारुतीचं शेपूट.

काम देऊन टाकलं, पण ती ओळ डोक्यातून जाईना. ज्यांच्यासाठी हा सगळा डोलारा उभा राहिला, ते स्वतः काय म्हणत होते? मनाशी ठरवलं की सहा महिने एवढंच वाचायचं. तुरुंगात राहिलेल्या माणसाचं एक पुस्तक, मग गुन्हा आणि शिक्षेच्या इतिहासावरचं एक, पुन्हा तुरुंगातलं एक. सहा महिन्यांची अडीच वर्षं झाली.

सुरुवातच चुकली. ज्याला विचारावं तो मिशेल फूको या फ्रेंच विचारवंताचं नाव घेत होता, म्हणून तुरुंगाच्या जन्मावरचं त्याचं १९७५चं पुस्तक आधी उघडलं. पहिल्याच पानांवर दामियाँचा देहदंड आहे. पंधराव्या लुईवर चाकू चालवणाऱ्या या माणसाला १७५७ साली पॅरिसमध्ये भर चौकात हाल हाल करून मारलं, त्याची बारीकसारीक हकीगत. ती कशीबशी संपवून श्वास घ्यावा तर लगेच समोर एक वेळापत्रक. पोरवयाच्या कैद्यांनी किती वाजता उठायचं, ढोल वाजला की काय करायचं, प्रार्थना कधी, काम कधी. दोन्हींत अंतर साधारण ऐंशी वर्षांचं. देह फाडणारी शिक्षा गेली आणि दिवसाचे तुकडे पाडणारी आली, हे त्या दोन चित्रांतच पोचलं. पुढची शंभरेक पानं डोक्यावरून गेली.

फूकोच्याच पुस्तकातल्या, बेंथम या इंग्लिश विचारवंताने कल्पिलेल्या गोल तुरुंगापाशी तर मी दोन आठवडे अडकून पडले. मधोमध मनोरा, भोवती कड्यासारख्या कोठड्या. मनोऱ्यातला पहारेकरी कैद्याला दिसायचा नाही, कैदी मात्र सदैव त्याच्या नजरेखाली. कल्पना इतकी चोख की असा तुरुंग कुठेतरी उभाच असणार, असं मी गृहीत धरलं. वहीत त्याचं चित्रसुद्धा काढलं. पुष्कळ पुढे दुसऱ्या एका पुस्तकात वाचलं की बेंथम वीसेक वर्षं सरकारचे उंबरे झिजवत राहिला, तरी त्याच्या मनातला तुरुंग इंग्लंडमध्ये बांधला गेला नाही आणि १८१३ साली तेवीस हजार पौंड भरपाई देऊन त्याची बोळवण केली. ते वाचून मी स्वतःवरच चिडले. नकाशा हाती आला आणि मी इमारतीत फिरून आल्यासारखी बोलत होते.

मग उलटी चालायला लागले, थेट रोमपर्यंत. उल्पियन नावाच्या रोमन कायदेपंडिताचं एक मत या विषयावरच्या पुस्तकांत पुन्हा पुन्हा भेटतं: तुरुंग माणसाला अडकवून ठेवण्यासाठी असावा, शिक्षा देण्यासाठी नव्हे. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी ते दोनदा तपासलं. म्हणजे ज्याला आपण आज कच्चा कैदी म्हणतो, मुख्यतः त्याच्यासाठीच ही जागा होती! निकाल लागला की फटके, दंड, हद्दपारी किंवा फाशी, जे काय असेल ते उरकायचं आणि कोठडी मोकळी. कर्ज बुडवणारे तेवढे पैसे फिटेपर्यंत आत. माणसाचा गुन्हा वर्षांच्या मापाने मोजायचा, याला तीन, त्याला सात, ही रीत सर्रास झाली ती गेल्या अडीचशे वर्षांत. आधीचे नमुने आहेत. ॲम्स्टरडॅमला १५९६ साली निघालेल्या सुधारगृहात कैद्यांकडून रंगासाठी ब्राझीलचं कठीण लाकूड किसून घेत. पण तसे नमुने बोटांवर मोजण्याइतके.

या जुन्या प्रकरणांत एक गंमत सापडली. परीक्षा पार पडली की आपण ‘मोठं दिव्य केलं’ म्हणतो. ‘दिव्य’ म्हणजे मुळात न्यायनिवाड्याची पद्धत: तापलेलं लोखंड हातात घ्यायचं, उकळत्या तेलात हात घालायचा, भाजला तर खोटा. युरोपातही हेच चालायचं. तिकडे १२१५ साली लॅटरनच्या धर्मपरिषदेने पाद्र्यांना दिव्याच्या विधीत भाग घ्यायला बंदी केली, आणि देवाची साक्षच काढता येईना म्हटल्यावर इंग्लंडात हळूहळू बारा माणसांची ज्यूरी त्या जागी आली. देवाने अंग काढून घेतलं म्हणून शेजाऱ्यापाजाऱ्यांवर न्याय करायची पाळी आली, असं मी समासात लिहून ठेवलंय.

बेकारिया या इटालियन विचारवंताचं गुन्हा आणि शिक्षेवरचं छोटंसं पुस्तक दोन संध्याकाळींत झालं. १७६४ साली सव्विसाव्या वर्षी त्याने ते निनावी छापलं. छळ करून कबुली काढू नका, फाशी नको, आणि शिक्षा भयंकर असण्यापेक्षा ती चुकणार नाही अशी असू द्या, एवढं त्याचं म्हणणं. वाचताना वाटतं, यात नवीन काय आहे? मग लक्षात येतं की त्याचंच बोलणं आपल्यापर्यंत दहा तोंडांतून येऊन शिळं झालंय.

माझं वाचन खऱ्या अर्थाने रुळावर आलं ते जॉन हॉवर्डमुळे. हा साधा जमीनदार माणूस १७७३ साली बेडफर्डशरचा शेरीफ झाला. परगण्याचा तुरुंग त्याच्या अखत्यारीत आला, आणि आजवरच्या शेरीफांनी जे केलं नव्हतं ते त्याने केलं: आत जाऊन पाहिलं. तिथे त्याला निर्दोष सुटलेले लोक कोंडलेले आढळले. कारण काय, तर जेलरला पगार नव्हता. तो कैद्यांकडून फी घ्यायचा, आणि फी चुकती केल्याशिवाय सुटका नव्हती. जेलरला पगार द्या, असं हॉवर्डने सुचवलं तेव्हा त्याला विचारण्यात आलं की दुसऱ्या कुठल्या परगण्यात असं आहे का. तो दाखला शोधायला म्हणून घोड्यावर बसला तो मरेपर्यंत उतरलाच नाही म्हणा ना. १७७७ साली त्याचं पुस्तक आलं. कोठड्यांची लांबी-रुंदी, कैद्यांची संख्या, जेलरची फी, पाणी आहे की नाही, असं सगळं नोंदवहीसारखं कोरडं लिखाण.

त्या कोरड्या लिखाणात एक परिच्छेद आहे. हॉवर्ड सांगतो, तुरुंग पाहून निघालं की कपड्यांना इतका वास यायचा की बंद गाडीत बसवत नसे, म्हणून घोड्यावरून जावं लागे. आणि टिपणवहीची पानं इतकी कुबट होत की तास-दोन तास विस्तवासमोर पसरून ठेवल्याशिवाय वही वापरता येत नसे.

मी पुस्तक खाली ठेवलं. तोवर मी मजकूर वाचत होते. तो ज्याच्यावर लिहिला ती वस्तू कधी डोळ्यांसमोर आली नव्हती. दुसऱ्या दिवशी नवी वही केली आणि तिला चार रकाने पाडले: कोण, कुठे, किती दिवस, आणि चौथा रकाना ‘कागद’. तुरुंगाबद्दलचं कुठलंही पुस्तक हाती आलं की आधी हा चौथा रकाना भरायचा. लिहिणाऱ्याला कागद कुणी दिला? लिहिलेलं कुणी वाचलं? ते भिंतीबाहेर कसं आलं?

दुसरी कुठलीही युक्ती इतकी उपयोगी पडली नाही. तीच पुस्तकं निराळी दिसायला लागली. टिळकांनी मंडालेला ‘गीतारहस्य’ लिहिलं हे शाळेपासून पाठ. पण ते शिसपेन्सिलीने लिहिलं, आणि सुटका झाली तरी हस्तलिखित लगेच हातात पडलं नाही, सरकारकडून परत येण्याची वाट पाहावी लागली, याकडे मी कधी थांबून पाहिलं नव्हतं. इटलीतला कम्युनिस्ट नेता ग्राम्शी, त्याला अटक १९२६ची. कोठडीत लिहायची परवानगी मिळून पहिली वही सुरू झाली ती फेब्रुवारी १९२९मध्ये. वह्यांवर तुरुंगाचे शिक्के. वाचणारा अधिकारी सतत खांद्यामागे असल्यामुळे मार्क्सवादाला तो ‘आचरणाचं तत्त्वज्ञान’ असलं वळसा घेतलेलं नाव देतो. अभ्यासक त्या शब्दयोजनेत खोल अर्थ शोधतात, आणि तो असेलही. पण माझ्या चौथ्या रकान्यात मी आधी ‘शिक्का’ असं लिहिलं.

ऑस्कर वाइल्डने रेडिंगच्या तुरुंगात १८९७च्या पहिल्या तीन महिन्यांत लिहिलेलं लांबलचक पत्र त्याला टपालाने पाठवू दिलं नाही. मे महिन्यात सुटताना ते हातात ठेवलं. त्याच्या फाशीवरच्या कवितेवर पुढच्या वर्षी नाव छापलं ते ‘सी. ३. ३.’, म्हणजे कोठडीचा क्रमांक. मंडेलांनी रॉबेन बेटावर रात्री जागून आत्मकथन लिहिलं, सोबत्यांनी ते बारीक अक्षरात उतरवलं, एकाने १९७६ साली सुटताना ती बारीक प्रत बाहेर नेली आणि मूळ पानं अंगणात पुरली. पुढे त्याच अंगणात भिंतीचं खोदकाम निघालं आणि काही पानं सापडली. शिक्षा म्हणून चार वर्षं अभ्यासाची सवलत बंद. आणि केनियाचा न्गूगी वा थ्योंगो! १९७८ साली कामिटीच्या तुरुंगात त्याने सबंध कादंबरी शौचालयाच्या कागदावर लिहिली, आणि लिहिली ती आपल्या गिकुयू भाषेत. तो कागद मुद्दाम खरखरीत दिलेला, म्हणजे तीही एक शिक्षाच. पण अंगाला बोचणारा तो कागद पेनाला छान धरतो, असं तो मिस्कीलपणे सांगतो. माझ्या वहीतला हा सगळ्यात लाडका रकाना.

काही जणांच्या पुढे मात्र ‘कागद : नाही’ असं लिहावं लागलं. दस्तयेव्हस्कीला १८४९च्या डिसेंबरात फाशीच्या चौथऱ्यापर्यंत नेऊन ऐन वेळी शिक्षा बदलल्याचं ऐकवलं आणि ओम्स्कला चार वर्षं सक्तमजुरीवर धाडलं. जवळ उघडपणे बाळगता आलेलं एकच पुस्तक, बायबलचा नवा करार. इस्पितळात पडला असताना कैद्यांच्या तोंडच्या म्हणी, शिव्या, वाक्यं चोरून टिपता आली तेवढीच. सुटल्यावर लिहिलेल्या पुस्तकात त्याने निवेदक केला तो बायकोचा खून केलेला एक सरदार. परिणाम असा की दस्तयेव्हस्कीच बायकोला मारून सैबेरियात गेला होता, असं पुष्कळ वर्षांनंतरही लोक समजत. पुस्तक वाचताना आपण कुणाचं ऐकतोय, हे सांगणं इतकं अवघड असतं.

कागदच नसेल तर माणसं काय करतात? कविता. हे मला अनपेक्षित होतं. रशियन लेखक सोल्झेनित्सिनने सक्तमजुरीच्या छावणीत हजारो ओळी पद्यात रचल्या, कारण गद्य लक्षात राहत नाही. ओळी मोजायला त्याच्याकडे भाकरीच्या मण्यांची माळ होती. अंदमानात सावरकरांनी कविता भिंतीवर कोरल्या आणि पाठ करून ठेवल्या, हे ‘माझी जन्मठेप’ वाचलेल्याला सांगायला नको. स्टालिनच्या काळात पकडलेल्या येव्गेनिया गिन्झबर्गचा एक प्रसंग तर मी दोन-तीन मैत्रिणींना फोनवर वाचून दाखवला. सैबेरियातल्या कोलिमाच्या छावण्यांकडे निघालेल्या बायकांच्या मालडब्यात ती कविता म्हणत होती. पहारेकऱ्यांना वाटलं, आत लपवलेलं पुस्तक आहे. झडती झाली, पुस्तक सापडेना. शेवटी पुस्तकाशिवाय म्हणून दाखव अशी अट घातली, तेव्हा तिने पुश्किनचं काव्य न अडखळता म्हणायला सुरुवात केली. छंद, यमक, वृत्त या गोष्टी मी आजवर शोभेच्या समजत होते.

इथवर येईतो वर्ष उलटलं, आणि एक दिवस मला वाचवेना. मारझोडीची वर्णनं कारण नव्हती, त्यांना मन एका मर्यादेनंतर सरावतं आणि ते फार चांगलंही नाही. मला गाठलं ते निरर्थकपणाने. दस्तयेव्हस्की एके ठिकाणी म्हणतो की माणसाला पुरता चिरडायचा असेल तर त्याला अर्थ नसलेलं काम द्यावं: एका पिंपातलं पाणी दुसऱ्यात, दुसऱ्यातलं परत पहिल्यात. चार दिवसांत तो गळफास लावून घेईल. हे वाचलं आणि पाठोपाठ इंग्लंडच्या पायचक्कीचं प्रकरण आलं. विल्यम क्यूबिट नावाच्या अभियंत्याने १८१८च्या सुमारास ती काढली. मोठ्या रुळाला पायऱ्या, कैद्याने तासन्तास चढत राहायचं, पायरी खाली सरकते, माणूस तिथेच. काही ठिकाणी त्यावर दळण किंवा पाणी निघायचं; काही ठिकाणी चक्की नुसतीच वारा दळायची. १८९८ साली कायद्याने ती बंद केली. जे दस्तयेव्हस्कीने सर्वांत भयंकर म्हणून कल्पनेत रंगवलं, ते दुसरीकडे कुणी आकडेमोड करून, तेल घालून, ऐंशी वर्षं चालवलं होतं.

त्याच आठवड्यात फिलाडेल्फियाचा एकांत-तुरुंग वाचला. १८२९ साली सुरू झाला. बांधणाऱ्यांचा हेतू खरोखर चांगला होता, हेच तर वाईट. फटके नकोत, गर्दी नको. माणसाला एकटं ठेवा, हाताला काम द्या, बायबल द्या, शांततेत त्याचा विवेक जागा होईल. कोठडीबाहेर नेताना कैद्याच्या डोक्यावर बुरखा चढवत, म्हणजे त्याला कुणी दिसू नये आणि तोही कुणाला दिसू नये. १८४२ साली डिकन्स तो पाहायला गेला. बाप कर्जापायी मार्शलसीच्या तुरुंगात पडला म्हणून बाराव्या वर्षी बूटपॉलिशच्या कारखान्यात डब्यांना लेबलं चिकटवत बसलेला हा माणूस. तुरुंग त्याला नवा नव्हता. त्याने लिहिलं की मेंदूशी रोज हळूहळू केलेली ही ढवळाढवळ शरीराच्या कुठल्याही छळापेक्षा वाईट आहे, आणि जखम वर दिसत नाही म्हणून लोक तिच्याविरुद्ध ओरडत नाहीत. मी पुस्तक पालथं ठेवलं. दोन महिने या विषयाचं पान उघडलं नाही. स्वयंपाकाच्या पुस्तकाची एक सूची आली होती, ती केली. फार बरं वाटलं.

परत आले ती कॉन्स्टन्स लिटनमुळे. ही उमरावाची मुलगी, ब्रिटनमध्ये बायकांच्या मताधिकारासाठी लढणारी. १९०९ साली न्यूकॅसलला पकडली गेली, उपोषणाला बसली. डॉक्टरांनी हृदय तपासलं, अशक्त आहे म्हणून सोडून दिलं. इतर बायकांच्या नाकातोंडात नळ्या घालून त्यांना सक्तीने भरवत होते. तिला वहीम आला. जानेवारी १९१०मध्ये तिने केस कापले, ओबडधोबड कपडे घातले, जेन वॉर्टन नावाची शिवणकाम करणारी बाई झाली आणि लिव्हरपूलला स्वतःला अटक करवून घेतली. हृदय तेच. या वेळी ते कुणी धड तपासलं नाही. आठ वेळा नळी घातली. दोन वर्षांनी तिला झटका आला, उजवं अंग लुळं पडलं, आणि हे सगळं तिने डाव्या हाताने लिहून १९१४ साली पुस्तक काढलं. पुस्तकाच्या मुखपृष्ठावर लेखिकेची दोन्ही नावं आहेत.

सूची करणारीला हे कसं लागलं असेल पाहा. एकच देह, दोन नोंदी, आणि कोणत्या नोंदीखाली शोधलं यावर नळी ठरणार. तिच्यानंतर माझ्या वहीला पाचवा रकाना आला: ‘कोणत्या नावाने’. त्यात चेखॉवच्या साखालीनमधली, म्हणजे रशिया जिथे कैदी धाडायचा त्या बेटावरची, माणसं बसली. १८९०मध्ये तो तिथे तीन महिने राहिला आणि वसाहतीतल्या कैद्यांची शिरगणती केली, जवळजवळ दहा हजार कार्डं भरली, घरोघर फिरून, स्वतः. नाव सांगायचं नाही म्हणून काही भटक्यांनी ‘आठवत नाही’ हेच आडनाव लावलेलं होतं. सरकारी दप्तरातही तेच.

तिसऱ्या वर्षी भिंतीच्या दुसऱ्या बाजूचं थोडं वाचलं. ग्रेशम साइक्स या अमेरिकन समाजशास्त्रज्ञाने १९५८ साली ट्रेंटनच्या तुरुंगावर लिहिलेलं बारकं पुस्तक मला या विषयातलं सर्वांत शहाणं वाटतं, भाषा रुक्ष असली तरी. कैद्याचं काय काय हिरावलं जातं याची त्याने केलेली मांडणी पुढे सगळ्यांनी उचलली. पण मला आवडलं ते पहारेकऱ्याबद्दलचं. बाहेरून वाटतं त्याच्या हाती सगळी सत्ता. प्रत्यक्षात शेकडो माणसांच्या विभागात तो एकटा. जेवणाची रांग लागावी, आवाज होऊ नये, यासाठी त्याला कैद्यांचीच मर्जी सांभाळावी लागते. मग इकडे काणाडोळा, तिकडे सूट. बेंथमचा मनोरा आठवून हसू आलं. टेड कॉनोव्हर या पत्रकाराने न्यूयॉर्कच्या तुरुंग खात्याकडे पहारेकऱ्यांचं प्रशिक्षण पाहू द्या म्हणून मागणी केली, नकार आला, तर पठ्ठ्याने नोकरीचाच अर्ज केला आणि तिथल्या सिंग सिंग तुरुंगात चाव्या सांभाळल्या. २०००मध्ये त्याचं पुस्तक आलं. सायंकाळी घरी परतल्यावर आपला आवाज चढलेला असतो, हे तो लपवत नाही.

एव्हाना वही भरत आली होती. पाच रकाने उलटसुलट चाळताना दिसलं की मी ज्यासाठी निघाले ते घडलंच नव्हतं. ग्राम्शी, मंडेला, टिळक, गिन्झबर्ग, लिटन: सगळे शिकलेले, बहुतेक राजकीय, ज्यांची बाहेर कुणीतरी वाट पाहत होतं. दुकानातून कापडाचा तुकडा उचललेला माणूस कुठे होता?

तो होता, पण दुसऱ्याच्या अक्षरात. लंडनच्या न्यूगेट तुरुंगाचा पाद्री फाशीच्या कैद्यांच्या शेवटच्या कबुल्या आणि जीवनकथा छापून विकायचा. अठराव्या शतकात हा त्याचा चांगला जोडधंदा होता. त्यात प्रत्येक जण लहानपणी देवळाला टाळतो, मग वाईट संगतीला लागतो, शेवटी पश्चात्ताप करतो. चोराची गोष्ट, पण पाद्र्याच्या साच्यात बसवलेली. दुसरा कागद म्हणजे लंडनच्याच ओल्ड बेली न्यायालयाच्या कामकाजाची छापील पत्रकं. १६७४ ते १९१३ पर्यंतची, दोन लाखांच्या आसपास खटले, आता घरबसल्या वाचता येतात. गाजलेला खून असेल तर पानंच्या पानं. साधी चोरी असेल तर चार ओळी: काय चोरलं, किमतीचा आकडा, साक्षीदार काय म्हणाला, निकाल.

तिथे एक आकडा मला पुन्हा पुन्हा भेटू लागला. ३९ शिलिंग. चोरीचा माल कधी पाच पौंडांचा (म्हणजे शंभर शिलिंगांचा), कधी आठ, आणि ज्यूरीचा निर्णय: ३९ शिलिंगांच्या चोरीबद्दल दोषी. आधी वाटलं छपाईची चूक, मग वाटलं जुना काही हिशेब असेल. सूचीच्या सवयीने मी त्याची नोंदच करून ठेवली: ‘एकोणचाळीस’, पुढे खटल्यांच्या तारखा. उलगडा इतिहासाच्या पुस्तकात झाला. राहत्या घरातून ४० शिलिंग किंवा त्याहून जास्त चोरलं तर फाशी, असा कायदा होता. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला इंग्लंडात देहदंडाचे दोनशेच्या वर गुन्हे होते. कायदा बदलणं ज्यूरीच्या हातात नव्हतं. मग त्या बारा दुकानदार, कारागीर माणसांनी शपथेवर खोटं बोलायचं ठरवलं, की चांदीच्या त्या भांड्यांची किंमत आमच्या मते ३९ शिलिंग. माणूस जहाजात बसून हद्दपार व्हायचा, पण जिवंत राहायचा. ब्लॅकस्टोन या इंग्लिश कायदेपंडिताने याला पवित्र खोटी साक्ष म्हटलं. बेकारियाच्या तर्कशुद्ध पानांपेक्षा मला त्या एका आकड्यात जास्त माणसं दिसली, हे त्याची माफी मागून सांगते.

त्यानंतरचे कित्येक रविवार मी त्या पत्रकांतच घालवले. फूको पुन्हा उघडला आणि या वेळी वाचून झाला. अजूनही सगळा पटत नाही. वही मात्र एका चार ओळींच्या खटल्याशी संपली. घरकाम करणारी एक मुलगी, मालकिणीचे कपडे, मालकिणीची साक्ष, पाठोपाठ गहाणवाल्याची. तिला काय म्हणायचंय असं विचारल्यावर छापलंय: मला काही सांगायचं नाही. किंमत, ३९ शिलिंग.

रकाने भरले. कुठे : लंडन. किती दिवस : सात वर्षं, समुद्रापार. कागद : न्यायालयाचा. कोणत्या नावाने, यापाशी थोडी थांबले, कारण पत्रकाच्या शीर्षकात तिचं नाव एका तऱ्हेने छापलंय आणि खाली निकालात एक अक्षर वेगळं. शीर्षकातलं धरलं. मग वहीच्या शेवटच्या कोऱ्या पानावर, जिथे मी मूळ ग्रंथाची ती ओळ उतरवून ठेवली होती, तिच्याखाली रीतसर नोंद केली: आधी आडनाव, स्वल्पविराम, मग नाव. पृष्ठांकाची जागा मोकळी सोडली.